निदानाची मजुरी

धुळे–सोलापूर राष्ट्रीय महामार्गाने, ज्याचा क्रमांक पूर्वी २११ होता आणि आता ५२ आहे, बीड सोडून मांजरसुंब्याचा घाट चढून दक्षिणेकडे निघालेल्या प्रवाशाला वाटेत चौसाळा लागते, आणि त्या गावच्या रस्त्यालगतच्या गॅरेजांपुढे अशी एखादी चारचाकी बहुधा उभी असतेच, की जिच्या मालकाची तक्रार तीन शब्दांत संपते : गाडी ओढत नाही. जो घाट ती पूर्वी विनासायास चढत असे तेथे आता गिअरमागून गिअर उतरवावा लागतो, ॲव्हरेज घसरलेले असते, आणि मीटरच्या पाटीवर इंजिनाच्या आकृतीचा पिवळा दिवा लागलेला असतो. या तक्रारीला गेल्या काही वर्षांत एक ठरीव उत्तर मिळू लागले आहे : ‘सेन्सर गेला.’ कोणता सेन्सर गेला, तो गेला हे कशावरून ठरले, आणि तो बदलल्याने नेमके काय सुधारेल, हे विचारण्याची आपल्याकडे रीत नाही आणि आपण होऊन सांगण्याचीही नाही. पार्ट मागवला जातो, बसवला जातो, काही हजार रुपये मोजले जातात, आणि पुष्कळदा गाडी होती तशीच राहते. या नुकसानीचा दोष मिस्त्रींच्या अज्ञानाच्या माथी मारून मोकळे होणे सोपे आहे. पण माझ्या मते त्याचे खरे मूळ असे की, निदान हे एक स्वतंत्र काम आहे आणि त्याचा मेहनताना द्यावा लागतो, ही गोष्टच आपण ग्राहकांनी आजवर कबूल केलेली नाही.

ज्या सेन्सरवर हा आळ वारंवार येतो तो म्हणजे इंजिनात जाणाऱ्या हवेचे मोजमाप करणारा एअर फ्लो सेन्सर, ज्याला गॅरेजात मॅफ सेन्सर असेही म्हणतात. सर्वच गाड्यांत तो नसतो. अनेक पेट्रोल गाड्या हवेच्या दाबावरून हिशेब बांधतात आणि त्यांना याची गरज पडत नाही. मात्र गेल्या पंधरा-वीस वर्षांतील बहुतेक डिझेल गाड्यांत तो असतो. एअर क्लीनरच्या डब्यातून इंजिनाकडे जाणारी नळी जेथे सुरू होते तेथेच, दोन स्क्रूंनी बसवलेला हा बोटभर लांबीचा प्लास्टिकचा तुकडा दिसतो, आणि वरवर पाहणाऱ्याला त्यात किंमत मोजावी असे काही आढळत नाही. परंतु त्याच्या पोटातील युक्ती अतिशय सुंदर आहे. एक लिटर पेट्रोल पूर्णपणे जळण्यास सुमारे नऊ हजार लिटर हवा लागते, आणि ही हवा नुसती मापून भागत नाही, तिचे वजन समजावे लागते. कारण पौषातल्या पहाटेची हवा दाट असते आणि वैशाखातल्या दुपारची विरळ, तेव्हा तेवढ्याच जागेत मावणारा प्राणवायू ऋतूप्रमाणे, प्रहराप्रमाणे आणि उंचीप्रमाणे कमीजास्त होत राहतो. यासाठी वाहत्या हवेत एक अत्यंत बारीक तप्त तार धरायची, ती येणाऱ्या हवेपेक्षा ठरावीक अंशांनी गरम राहील अशी व्यवस्था करायची, आणि हवा तिला जितकी थंड करू पाहील तितका विद्युत्प्रवाह वाढवून तिची उष्णता टिकवायची. किती प्रवाह लागला यावरूनच किती वजनाची हवा आत गेली हे कळते. वाऱ्यात धरलेल्या तप्त तारेच्या शीतलीकरणाचे गणित कॅनडातील मॅकगिल विद्यापीठाचे लुई किंग यांनी १९१४ सालीच मांडले होते. ते मोटारीत उतरायला मात्र जवळजवळ सात दशके जावी लागली. जर्मनीच्या बॉश कंपनीने १९७०च्या दशकात प्रथम वाऱ्याने ढकलली जाणारी एक झडप वापरून पाहिली आणि १९८०च्या दशकाच्या आरंभी सुमारे सत्तर मायक्रॉन जाडीची, म्हणजे माणसाच्या केसाइतकी, प्लॅटिनमची तार आणली. त्या तारेवर धूळ बसणार हे तिच्या कर्त्यांनी ओळखले होते, म्हणून इंजिन बंद झाल्यानंतर ती क्षणभर सुमारे हजार अंशांपर्यंत तापवून बसलेला मळ जाळून टाकण्याची योजना त्यांनी केली होती. पुढे तारेची जागा पातळ थराने घेतली आणि ही दाहशुद्धी सामान्यतः मागे पडली.

आता हे यंत्र आमच्या भागात आणून पाहा. नऊ हजार लिटर हवा म्हणजे येथे काय, हे ज्याने उन्हाळ्यात बालाघाटाच्या माथ्यावरून गाडी हाकली आहे त्याला वेगळे सांगायला नको. ज्वारीच्या मळणीचा भुसा, दसरा-दिवाळीनंतर ऊसतोडीला निघालेल्या टोळ्यांच्या ट्रॅक्टरांनी उडवलेला फुफाटा, पाणंदीच्या काळ्या मातीचे पिठासारखे झालेले कण, आणि महामार्गावरील मालमोटारींच्या धुराची काजळी, हे सारे एअर क्लीनरच्या कागदी घड्यांनी अडवायचे असते. पण तो कागद वेळेवर बदलण्याऐवजी टायरच्या दुकानातील कॉम्प्रेसरची हवा मारून पुनःपुन्हा वापरण्याची आपली पद्धत आहे. जोराच्या हवेने कागदाला डोळ्यांना न दिसणारी छिद्रे पडतात, आणि स्वस्तात घेतलेल्या नकली फिल्टरची रबरी कड डब्यात नीट बसत नाही. मग धूळ त्या तप्त थरावर जाऊन बसते आणि त्याचे पांघरूण होते. थर झाकला गेला की हवा त्याला पूर्वीइतके थंड करू शकत नाही, प्रवाह कमी लागतो, आणि प्रत्यक्षात भरपूर हवा जात असताना सेन्सर गाडीच्या संगणकाला ‘हवा थोडी आहे’ असे कळवत राहतो. डिझेल गाडीच्या संगणकाला आज्ञा असते की हवेच्या मानाने अधिक डिझेल सोडून काळा धूर काढायचा नाही. तो बिचारा हात आखडतो, आणि घाटात मालक पाय पूर्ण दाबून बसला तरी गाडी ओढत नाही.

येथवर ऐकले की कोणालाही वाटेल, मग सेन्सर बदलावा हेच खरे. पण तीच लक्षणे आणखी कितीतरी कारणांनी दिसतात. हवा दाबून भरणाऱ्या टर्बोपासून ती थंड करणाऱ्या इंटरकूलरकडे जाणारा रबरी पाइप फाटला, धुराचा काही भाग पुन्हा इंजिनात सोडणारा ईजीआर व्हॉल्व्ह काजळीने उघडाच अडकला, डिझेल फिल्टर तुंबला, सेन्सरच्या सॉकेटमध्ये पाणी शिरून पिना हिरव्या पडल्या, उंदराने वायर कुरतडली, तरी गाडी याच भाषेत कण्हते. स्कॅनर लावला तर ‘पी०१०१’ असा कोड येतो, आणि तो वाचून आपण समजतो की यंत्रानेच गुन्हेगाराचे नाव सांगितले. वास्तविक त्या कोडाचा अर्थ एवढाच की सेन्सरकडून आलेला आकडा संगणकाच्या अपेक्षेशी जुळत नाही. न जुळण्याचे कारण आकडा सांगणाऱ्यात आहे, की हवेच्या वाटेत आहे, की वायरीत आहे, हे त्याला ठाऊक नसते. कोड हा संशय आहे. संशयाचे रूपांतर खात्रीत करणे हे माणसाचे काम आहे, त्याला वेळ लागतो, आणि त्या वेळाचा आपल्या बिलात उल्लेखही नसतो.

चौसाळ्याच्या एका लहानशा गॅरेजात मी हे काम जवळून पाहिले. वाशीच्या बाजूच्या एका खेड्यातील वयस्क शेतकऱ्याची डिझेल गाडी आली होती. तिचा हाच सेन्सर एका मोठ्या शहरात नुकताच बदलून झाला होता, नव्या पार्टाचे खोके डॅशबोर्डच्या कप्प्यात जपून ठेवलेले होते, आणि गाडीचा स्वभाव तसूभरही बदललेला नव्हता. मालकांचा आग्रह होता की नवा सेन्सर डुप्लिकेट निघाला असणार, तेव्हा दुसरा बसवावा. तरुण मिस्त्री म्हणाला, ‘तात्या, आधी हवेची वाट बघू, सेन्सरचं मग बोलू.’ त्याने स्कॅनरला हात न लावता एअर क्लीनरच्या डब्याच्या क्लिपा काढल्या, फिल्टर उन्हासमोर धरून पाहिला, आणि मग डब्याच्या आतल्या, म्हणजे जेथे धुळीचा कणही असू नये अशा बाजूवरून बोट फिरवून ते बोट तात्यांना दाखवले. बोट स्वच्छ होते. त्यानंतर त्याने पोराला ॲक्सिलरेटर दाबायला सांगितले, स्वतः गाडीखाली सरकला, आणि इंटरकूलरच्या खालच्या वळणावरच्या पाइपाभोवती तळहात फिरवत राहिला. रेस वाढताच फुस्स असा आवाज आला. पाइपावर तेलकट काळा डाग होता, आणि त्या डागाच्या मध्यभागी जी चीर होती ती इंजिन शांत असताना मिटलेली असे आणि टर्बोचा दाब वाढला की उघडे. सेन्सर बिचारा, जुनाही आणि नवाही, खरेच सांगत होता; तो मोजत होता ती हवा इंजिनात पोचण्यापूर्वीच वाटेत निसटत होती, संगणक मोजलेल्या हवेच्या भरवशावर डिझेल सोडत होता, आणि म्हणून गाडी धूर मारत होती पण जोर धरत नव्हती. पाइप बदलला, दोन क्लॅम्प आवळले, गाडी मांजरसुंब्यापर्यंत नेऊन आणली, आणि तक्रार मिटली.

पुढचा प्रसंग मात्र मनाला लागला. मिस्त्रीने पाइपाची किंमत आणि तो बसवण्याची किरकोळ मजुरी तेवढी सांगितली. तासाभराची जी विचारपूर्वक केलेली तपासणी, जिने दुसऱ्या अनावश्यक सेन्सरचा खर्च वाचवला, तिच्याबद्दल त्याने एक रुपयाही मागितला नाही. आणि तरीही तात्या म्हणालेच, ‘एवढ्याशा पाइपाचे एवढे?’ मी त्यांना दोष देत नाही. शहरात त्यांनी निमूटपणे मोजलेली रक्कम याच्या कितीतरी पट होती, परंतु तिच्या बदल्यात त्यांच्या हाती एक खोके आले होते. येथे जे मिळाले होते त्याला खोके नव्हते.

वस्तूचे पैसे द्यायचे आणि बुद्धीचे बुडवायचे, ही आपली सवय मिस्त्रीला काय शिकवते, याचा विचार करावा. ज्या मिस्त्रीने दोन तास घालवून सॉकेटच्या पिना साफ केल्या त्याची त्या दिवसाची कमाई जवळजवळ शून्य, आणि ज्याने आल्याबरोबर ‘सेन्सर गेला’ म्हणून पार्ट मागवला त्याला दहा मिनिटांत त्या पार्टावरचे कमिशन सुटते. अशा व्यवस्थेत प्रामाणिक मनुष्यही हळूहळू पार्ट बदलणारा होतो. त्याला तसे करण्यास आपणच भाग पाडतो. आणि असेही नव्हे की अदृश्य ज्ञानाला पैसे देणे आमच्या भागाला मुळीच ठाऊक नाही. बोअर घेण्यापूर्वी शिवारात नारळ घेऊन फिरणाऱ्या पाणाड्याला आम्ही मानाने बोलावतो, त्याची दक्षिणा देतो, आणि बोअर कोरडा गेला तरी ती परत मागत नाही. मग जो मनुष्य प्रत्येक पायरीला पुरावा दाखवून दोष हुडकतो त्याला रिकाम्या हाताने का पाठवावे?

अर्थात सेन्सर कधी खरोखरच नादुरुस्त होतो, आणि तेव्हा तो बदलावाच लागतो. पण तोही निष्कर्ष पायरीपायरीने यावा. हवेची वाट निर्दोष ठरल्यावर स्कॅनरवर चालू आकडे पाहावेत : चावी फिरवून इंजिन बंद ठेवले असता हवेचा आकडा शून्याच्या जवळपास हवा, इंजिन चालू करून रेस वाढवली की तो न अडखळता चढला पाहिजे. गरम झालेल्या पेट्रोल इंजिनाबाबत जुन्या जाणत्यांचा ठोकताळा असा की, इंजिन जितक्या लिटरचे, स्लो रनिंगला दर सेकंदाला साधारण तितके ग्रॅम हवा. डिझेलला हा ठोकताळा लागू पडत नाही, कारण तेथे ईजीआरमुळे आकडा बदलतो, आणि म्हणून त्या मॉडेलचे कंपनीने दिलेले आकडेच प्रमाण मानावे लागतात. त्यानंतर मल्टिमीटर घेऊन सॉकेटमध्ये बॅटरीचे बारा व्होल्ट पोचतात की नाही, अर्थिंग पक्के आहे की नाही, आणि संदेशाची वायर हलवली असता आकडा उड्या मारतो की काय, हे तपासावे. सॉकेट काढून गाडी चालवली असता संगणक स्वतःजवळचा ठरीव आकडा धरून काम भागवतो. तेव्हा सेन्सरविना गाडी अधिक बरी चालली तर सेन्सरवरचा संशय बळावतो, इतकेच, सिद्ध होत नाही. मग याच कामासाठी मिळणाऱ्या, लगेच उडून जाणाऱ्या स्प्रेने तो धुऊन पाहावा. येथे मात्र घाई जीवघेणी ठरते : पेट्रोलने धुणे, ब्रश फिरवणे, फडक्याने पुसणे किंवा कॉम्प्रेसरची हवा मारणे म्हणजे थोड्याशा मळलेल्या सेन्सरला कायमचे निकामी करणे होय, आणि आमच्याकडे असे बळी पुष्कळ पडतात.

इतके करूनही आकडा सुधारला नाही तर नवा सेन्सर घ्यावा. तो घेताना जुन्यावरील पार्ट नंबर अक्षरशः ताडून पाहावा, कारण दिसायला अगदी सारखे असणारे दोन सेन्सर निराळ्या इंजिनांसाठी निराळे आकडे देतात, आणि बाजारात हुबेहूब नकली मालही आहे. चावी बंद करून सॉकेट काढावे, सेन्सरवरील बाण हवेच्या दिशेने आहे हे पाहावे, ओ-रिंग वळली नाही याची खात्री करावी, आणि स्क्रू हलक्या हाताने आवळावेत, कारण ते प्लास्टिकात बसतात. एअर क्लीनर त्याच वेळी बदलला नाही आणि डबा पुसून घेतला नाही तर नव्या सेन्सरचीही तीच गत होणार. शेवटी कोड पुसून, काही गाड्यांत स्कॅनरने नव्या सेन्सरची नोंद करून, आकडा पुन्हा घ्यावा आणि गाडी घाटात चढवून पाहावी. सपाट रस्त्यावर गावात मारलेली एक चक्कर ही या दुरुस्तीची परीक्षा नव्हे.

आता मिस्त्रीची बाजू. हे सारे करण्यासाठी लागणारे आकडे, वायरिंगचे नकाशे आणि कंपनीचा स्वतंत्र स्कॅनर त्याच्या हाती कोण देणार? सर्वसामान्य कोड स्वस्तातल्या स्कॅनरवरही वाचता येतात, पण नव्या पार्टाची नोंद करणे किंवा कंपनीचे खास कोड उलगडणे त्या स्कॅनरने होत नाही. हा प्रश्न नवा नाही. एका ग्राहकाच्या फिर्यादीवरून भारतीय स्पर्धा आयोगाने २५ ऑगस्ट २०१४ रोजी चौदा मोटार कंपन्यांविरुद्ध निकाल दिला, सुमारे २,५४४ कोटी रुपयांचा दंड ठोठावला, आणि सुटे भाग व निदानाची साधने स्वतंत्र गॅरेजांनाही उपलब्ध करून द्यावीत असा हुकूम फर्मावला. दंडाची बाब अपिलांत गुंतली. परंतु त्या हुकुमातील तत्त्व दंडाहून मोलाचे होते, आणि त्याचा अंमल कागदावरून रस्त्यावर येण्याची वाट आमची गॅरेजे अजून पाहत आहेत. २०२२च्या जुलैमध्ये केंद्राच्या ग्राहक व्यवहार खात्याने दुरुस्तीच्या हक्कासाठी समिती नेमली, तिने वाहने आणि शेतीची अवजारे या दोहोंचा विचार हाती घेतला, आणि त्याच वर्षी २४ डिसेंबरला त्यासाठीचे पोर्टल सुरू झाले. अमेरिकेतील मॅसेच्युसेट्स राज्याने तर २०१२ सालीच जनतेच्या मताने हा हक्क कायद्यात आणला. पोर्टल हे साधन आहे. ज्याच्या मागे सक्ती आहे असा कायदा ही गरज आहे. आणि औद्योगिक प्रशिक्षण संस्थांतील मेकॅनिक मोटर व्हेइकल या दोन वर्षांच्या अभ्यासक्रमातून बाहेर पडणाऱ्या प्रत्येक मुलाने हातात मल्टिमीटर घेऊन किमान एका चालत्या गाडीतील दोष पुराव्यानिशी सिद्ध करून दाखवल्याखेरीज त्याला प्रमाणपत्र मिळू नये, असे मला वाटते.

‘कंपनीच्या वर्कशॉपमध्ये का जात नाही?’ असे विचारणारे लोक शहरात राहतात. चौसाळ्याहून बीड सुमारे तीस-पस्तीस किलोमीटर आहे, काही कंपन्यांच्या वर्कशॉपसाठी त्याहूनही दूर जावे लागते, आणि जी गाडी रात्री-अपरात्री आजाऱ्याला जिल्ह्याच्या दवाखान्यात पोचवण्यासाठी साऱ्या वस्तीला एकच असते ती चार दिवस परगावी ठेवून येणे कोणाला परवडते? वॉरंटी संपलेल्या, शहरांतून वापरून आलेल्या गाड्याच येथे अधिक. त्यांचा खरा आधार रस्त्याकडेचा मिस्त्रीच आहे आणि राहणार आहे.

दुसरी हरकत मात्र विचारात घेण्याजोगी आहे : तपासणीचे पैसे वेगळे घ्यायला लागले तर काही न तपासता पैसे उकळणारेही निघतील. निघतील, म्हणून मजुरीबरोबर कागद मागावा. दुरुस्तीपूर्वी आकडा किती होता, नंतर किती झाला, सॉकेटमध्ये किती व्होल्ट मिळाले, कोणती शक्यता कशावरून वगळली, एवढ्या चार ओळी बिलाच्या मागे लिहून सही करायला मिस्त्रीला पाच मिनिटे लागतात. आणि काढलेला जुना पार्ट मालकाच्या हाती परत द्यावा, तो भंगाराच्या पोत्यात जाऊ नये. मोबदल्यात गॅरेजाच्या दर्शनी भागी तपासणीचा दर ठळक लिहिलेला असावा, आणि तो दोष सापडो वा न सापडो, दुरुस्ती तेथे होवो वा अन्यत्र, मालकाने द्यावा. काही ठिकाणी ही रक्कम पुढे दुरुस्तीच्या बिलात वळती करून देण्याची सवलत जाहीर करतात. ती मला मान्य नाही, कारण वळती केलेली रक्कम शेवटी पार्टाच्या किमतीत जाऊन लपते, आणि ज्या मिस्त्रीने पार्ट न बदलता गाडी दुरुस्त केली त्याच्यापाशी वळते करायला काहीच उरत नाही.